दर अक्षरी

रोसारियोत, जुन्या ट्राम-डेपोमागे माझं दुकान.
संगमरवर, काळा ग्रॅनाइट. कोरणावळ दर अक्षरी,
स्वल्पविराम फुकट.

मंगळवारी तिघं आली, आईचं नाव घेऊन.
थोरला सावुल म्हणाला, मध्ये सी-एच घाला,
बोटीच्या यादीत तसंच आहे.
मी म्हटलं, इथं त्याचा च होतो,
येणारा-जाणारा वाचील नेचामा.
शिवाय आमच्या वर्णमालेत सी-एच एकच अक्षर,
पण छिन्नीला दोन. मी दोनाचे घेतो.

फॅनी म्हणाली, जे. आई स्वतः जे लिहायची,
वाणसामानाच्या वहीत, पेन्सिलीनं.
आणि तिनं नाव उच्चारून दाखवलं:
नेखामा, घशात माशाचा काटा अडकावा तसा ख.

धाकटा हैफाहून आलेला. इथून गेला तेव्हा एलियास,
तिथं एलियाहू. त्यानं एच काढला.
एच आमच्याकडे मुका, मी म्हटलं, नेआमा उरेल.
उरू दे, म्हणाला, तिकडे सगळे असंच लिहितात.
मग तिघं त्यांच्या घरच्या भाषेत भांडली,
आणि भांडताना तिघांच्याही तोंडी
आईचं नाव चौथंच होतं: नेखोमे.
ते कुठल्याच कागदावर नव्हतं.

वरची ओळ तरी ठरलेली होती.
दफनभूमीचे झूसमान शाईनं काढून देतात:
नून, खेत, मेम, हे. उजवीकडून.
चाळीस वर्षं झाली, हात अजून आधी डावीकडेच जातो.
खेत आणि हे, दोघांना एकच छप्पर, दोन पाय;
फक्त 'हे'चा डावा पाय छपराला टेकत नाही.
केसभर फट.
ती बुजली की नाव गेलं.
एकदा बुजली होती माझ्याकडून, दुसऱ्याच कुणाच्या दगडावर.
संगमरवराची भुकटी आणि डिंक. कुणाला कळलं नाही.

अर्थ काय, मी विचारलं. मी नेहमी विचारतो.
दिलासा, झूसमान म्हणाले.
मग चष्मा पुसत, जरा नाइलाजानं:
धातू तोच, जरा वाकवला की पस्तावा.
पूर आणला तेव्हा देवालाही हाच शब्द लागला होता.
एवढं बोलून ते बिलाकडे वळले.

दिलासा.
आमच्या भाषेत कोन्सुएलो.
तेव्हा कुठं डोक्यात उजेड पडला.
सान लुईस रस्त्यावरची काजं-बटणांची बाई,
दोन्या कोन्सुएलो, ओठात टाचण्या धरून बोलणारी,
जिनं माझ्या लग्नाच्या कोटाची बाही आखूड करून दिली
आणि पैसे पुढच्या महिन्यात दे म्हणाली.
पुढचा महिना आला. मग एकोणीस वर्षं आली.
मी त्या रस्त्यानं जायचं टाळायचो.

तुमची आई शिवणकाम करायची का, मी विचारलं.
फॅनी म्हणाली, कारखान्यात तिला हे नाव जमेना कुणाला,
मुकादमानं अर्थ विचारला आणि अर्थानंच हाक मारली.
सावुल म्हणाला, ते नाव नको. ते नोकरीचं होतं.

शेवटी खालची ओळ कोरीच राहिली.
दगड बसवायला वर्षभर अवकाश, तोवर ठरवू, म्हणाले.
वर्षानं फॅनीचं पत्र आलं: ठरलं नाही,
चार अक्षरांचेच पैसे पाठवत आहे.

दगड उभा करायच्या आदल्या रात्री
मी तो पालथा घातला.
मागच्या बाजूला, खाली, जिथं गवत येईल,
नऊ अक्षरं. नखाएवढी.
बिलात लावली नाहीत.

सकाळी तिघांनी समोर तीन खडे ठेवले.
झूसमाननी 'हे'च्या फटीत बोटाचं नख घालून पाहिलं,
मान हलवली,
आणि मागे जाऊन, गुडघ्यावर हात टेकून, वाकले.
मी गाडीत हत्यारं भरू लागलो.